वीस किलो

(मॅट्रिकच्या १९५८ च्या तुकडीच्या सुवर्णमहोत्सवी स्नेहमेळाव्यात नांदेड येथे केलेले भाषण)



संयोजकांनी मला विषय दिला, 'माझा पहिला विमानप्रवास'. फोनवर मी म्हटले, अहो, आता त्यात काय राहिले आहे? परवा मी स्वतः मुंबईहून विमानाने नांदेडला आलो. गुरू-ता-गद्दीच्या त्रिशताब्दीनिमित्त गेल्या ऑक्टोबरात या शहराचे रूप पालटले, विमानतळही नवा झाला. माझ्या शेजारचा मुलगा विमान सुटायच्या आधीच झोपला आणि चाके जमिनीला लागल्यावर जागा झाला. त्याला सोडायला कोणी आले नव्हते, मलाही नव्हते. आपण आपल्या काळात एस.टी.ने हदगावला निघालो तरी दोन माणसे स्टँडवर यायची.

पण संयोजक म्हणाले, तोच तर विषय आहे. तेव्हा सांगतो. थोडे पाल्हाळ होईल, माफ करा.

आपल्यापैकी बहुतेकांना विमान प्रथम कोणी दाखवले? शाळेत दाखवले ते भूगोलाच्या सरांनी. त्यांचे नाव घ्यायची गरज नाही. 'बेगमपेठ' म्हटले की पुरे. बघा, हसलात! सर आज आपल्यात नाहीत, पण हे टोपणनाव त्यांना ठाऊक होते आणि ते त्यावर मनातून खूश असायचे, असे मला नंतर त्यांच्याच घरी कळले.

नव्या मंडळींसाठी, म्हणजे जी नातवंडे इथे जेवणाच्या आशेने बसली आहेत त्यांच्यासाठी सांगतो. तेव्हा आपला मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता. हैदराबादचा विमानतळ बेगमपेठला. तिथून डेक्कन एअरवेज नावाची कंपनी विमाने चालवायची. निजाम सरकार आणि टाटा यांच्या भागीदारीत १९४५ साली ती निघाली आणि १ ऑगस्ट १९५३ ला देशातल्या सगळ्या विमान कंपन्यांचे राष्ट्रीयीकरण झाले तेव्हा इंडियन एअरलाइन्समध्ये गेली. सर या कंपनीच्या डाकोटा विमानातून एकदा मद्रासला गेले होते. एका नातेवाइकाच्या डोळ्याचे ऑपरेशन होते, सोबतीला कोणीतरी हवे होते. आयुष्यातला तेवढा एकच विमानप्रवास. तो त्यांनी आम्हाला दरवर्षी एकदा तरी शिकवला. अभ्यासक्रमात तो नव्हता.

आठवते ना? डाकोटाचे शेपटाकडचे चाक लहान, त्यामुळे जमिनीवर उभे असताना विमानाचे नाक वर आणि शेपूट खाली. दार मागे. म्हणजे आत शिरले की आपल्या जागेवर जायला चढ चढावा लागतो. तो चढ दाखवायला सर दोन बाकांमधल्या वाटेने पुढे वाकून, हाताने बाक धरत धरत फळ्यापर्यंत यायचे. मग सांगायचे की आधी सामानाचे वजन करतात आणि मग माणसालाही काट्यावर उभे करतात. इथे वर्ग हमखास हसायचा. कानात घालायला कापूस देतात, चघळायला गोळ्या देतात. डाकोटात हवेचा दाब राखण्याची सोय नव्हती, त्यामुळे ते आठ-दहा हजार फुटांच्या खालूनच उडायचे आणि ढगातून जाताना बैलगाडीसारखे आदळायचे. खाली कृष्णा दिसली तेव्हा सरांना ती भरडलेल्या ज्वारीच्या पिठात कोणी बोट ओढावे तशी वाटली होती. हा दृष्टान्त त्यांचा, माझा नाही.

एकदा मी विचारले होते, "सर, भीती वाटली का?" सर क्षणभर थांबले आणि म्हणाले, "आईला सांगून गेलो नव्हतो. तेवढीच भीती वाटली." त्या उत्तराचा अर्थ मला तेव्हा लागला नाही.

माझे स्वतःचे पहिले विमान मात्र त्याच्या आधीचे, १९४८ चे. आमचे घर लातूरचे. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यात होते, जिल्हा व्हायला १९८२ उजाडले. रझाकारांचा पुढारी कासिम रझवी लातूरलाच वकिली करायचा, म्हणजे आमच्या गावाने काय भोगले असेल याची कल्पना तुम्हाला आहे. आमच्यासारखी पुष्कळ घरे सरहद्द ओलांडून इंग्रजी मुलखात, म्हणजे तोवर स्वतंत्र झालेल्या मुलखात, बार्शीला जाऊन राहिली होती. मी सहा वर्षांचा. सप्टेंबरात पोलीस ॲक्शन सुरू झाली आणि एके सकाळी पश्चिमेकडून विमाने आली. आम्ही अंगणात धावलो. पुरुष माणसे टोप्या उडवत होती, कोणी तरी जयजयकार केला. आणि माझी आई जात्याजवळ बसून रडत होती. तिचा धाकटा भाऊ इथे नांदेडला अडकला होता आणि विमाने त्याच दिशेने चालली होती. तिला हैदराबाद आणि नांदेड यातला फरक समजावून सांगायला कोणाला सवड नव्हती. विमान म्हणजे आनंद आणि विमान म्हणजे रडणे, ही दोन्ही मी एकाच अंगणात पाहिली.

मामा सुखरूप निघाले. उस्मानशाही मिलच्या कचेरीत ते कारकून होते. पुढे त्यांच्याकडेच राहून मी आपल्या शाळेत शिकलो. मिलच्या भोंग्यावर आमचे घर उठायचे. हे सगळे तुम्हाला ठाऊकच आहे.

माझे वडील, अण्णा, तुमच्यापैकी फार थोड्यांनी पाहिले असतील. ते लातूरला आडतीत मुनीम होते. सुरुवात मापाडी म्हणून केली, मग हिशेब शिकून गादीवर बसले. पण हाडाचे मापाडी. एक म्हणायचे नाहीत, लाभ म्हणायचे. लाभ, दोन, तीन. गंजगोलाईत त्यांच्या वजनाला शब्द होता. शेतकरी दुसरीकडे माल विकला तरी त्यांच्याकडे एकदा तोलून घ्यायचा. काट्याला पासंग असेल तर तो त्यांना वीस पावलांवरून दिसायचा, असे लोक म्हणत. अतिशयोक्ती असेल, पण मी त्यात वाढलो.

१९६४ साली मला अमेरिकेत एम.एस.ला प्रवेश मिळाला. पुण्याला इंजिनिअरिंग झाले होते, शिष्यवृत्ती मिळाली होती, तिकिटासाठी मामांनी आणि अण्णांच्या शेटजींनी पैसे उभे केले. तेव्हा परदेशी जाणे म्हणजे काय होते ते आज सांगून पटणार नाही. पासपोर्ट, मग रिझर्व्ह बँकेचा पी फॉर्म, मग देवीची लस आणि कॉलऱ्याची सुई. त्या सुईने मला तीन दिवस ताप आला आणि आईने तो अपशकुन ठरवला. परकीय चलनाची टंचाई असल्यामुळे खिशात न्यायला मिळायचे आठ डॉलर. आठ डॉलर घेऊन माणूस पृथ्वीच्या दुसऱ्या बाजूला जायचा आणि परत कधी येणार हे त्याला माहीत नसायचे. परतीच्या भाड्यात लातूरला घर झाले असते. अण्णा मुंबईला निघाले तेव्हा आईला म्हणाले, "लग्नाचं वऱ्हाड असतं तसं चाललंय, पण नवरा परत यायचा नाही असं वऱ्हाड कुठं असतंय का?"

सामान वीस किलो, एवढीच परवानगी. दशमान वजने येऊन तेव्हा दोन-तीन वर्षेच झाली होती. अण्णांना किलो कळायचा, पण मनातल्या मनात ते शेर करायचे. ऐंशी तोळ्यांचा शेर म्हणजे ९३३ ग्रॅम, म्हणजे वीस किलो साडेएकवीस शेरांना थोडे कमी. दुपारी बाजार उठल्यावर त्यांनी माझी ट्रंक आडतीच्या काट्यावर घातली. हमाल, मापाडी, दोन शेतकरी भोवती. दोन शर्ट काढले, पुस्तक काढले, लाडवाचा डबा अर्धा केला. शेवटी अण्णांनी हात वर केला. "वीस. गुंजभर जास्त नाही." मग सुतळीने ट्रंक बांधली. वर गाठीवर लाख लावायची तेवढी बाकी होती.

लातूरहून बार्शी लाइनची छोटी गाडी कुर्डुवाडीपर्यंत, तिथून मोठ्या गाडीने मुंबई. आम्ही अकरा माणसे. तुम्हाला ती छोटी गाडी ठाऊक आहे. उतरून, हरभरा उपटून पुन्हा चढता येते असे जे म्हणायचे, त्यात अर्धे तरी खरे होते. आई लातूरच्या स्टेशनवरूनच परतली. तिने माझ्या हातावर दही घातले आणि "कफाची काळजी घे" एवढेच म्हणाली. रडली नाही. मला आश्चर्य वाटले होते. त्याचे कारण दुसऱ्या रात्री कळले.

सांताक्रूझ. मित्रांनो, तुमच्यापैकी ज्यांनी ते त्या काळी पाहिले आहे त्यांनाच समजेल. एकेका प्रवाशामागे पंधरा-वीस माणसे. हार, पेढ्यांचे पुडे, फोटोवाले. कोणी नारळ फोडायला जागा शोधतोय. म्हाताऱ्या बायका आणि कडेवरची मुले आणि सगळ्यांच्या मधोमध टायमध्ये गुदमरणारा एक पोरगा, गळ्यात चार हार, अंगात मे महिन्यात ओव्हरकोट. ओव्हरकोट थंडीसाठी नव्हे. अंगावरच्या कपड्यांचे वजन करत नसत, म्हणून त्याच्या खिशांत पुस्तके, बूट, लोणच्याची बाटली, काय वाटेल ते कोंबलेले असायचे. माझ्या उजव्या खिशात लॉग टेबल होते आणि डाव्या खिशात मेतकूट.

काउंटरवर ट्रंक ठेवली. काटा फिरला आणि बाविसाच्या पुढे गेला.

कारकून सभ्य होता, तरुण होता, माझ्याएवढाच. म्हणाला, दोन किलो जास्त आहे, पैसे भरा किंवा काढा. पैसे म्हणजे किलोमागे जो आकडा त्याने सांगितला तो ऐकून मामांनी दुसरीकडे पाहिले. तेवढ्यात अण्णा पुढे झाले. धोतर, काळा कोट, डोक्यावर फेटा. म्हणाले, "साहेब, आधी रिकामा काटा दाखवा."

कारकुनाला कळेना. अण्णा शांतपणे सांगू लागले, आवाज न चढवता, गादीवर बसून सांगावे तसे. "काट्याला पासंग असतो. रिकामा काटा दाखवा, मग पाच किलोचं माप ठेवून दाखवा. आमच्या काट्यावर हे वीस भरलंय. वीस म्हंजी वीस." मागे रांग होती. सूटबूटवाले लोक. कोणीतरी हसले. एक बाई इंग्रजीत काहीतरी म्हणाल्या. दोघे-तिघे हसले. कारकुनाने माझ्याकडे पाहून विचारले, "हे तुमच्याबरोबर आहेत?"

मी त्याला इंग्रजीत म्हणालो, "ही इज फ्रॉम द व्हिलेज."

एवढेच. वडील आहेत, असे म्हणालो नाही. अण्णांना इंग्रजी येत नव्हते. पण व्हिलेज हा शब्द लातूरच्या आडतीत कोणाला कळत नाही? त्यांनी माझ्याकडे एकदा पाहिले आणि बोलायचे थांबले. मग खाली बसून स्वतः बांधलेली सुतळी स्वतःच सोडू लागले.

ट्रंकेच्या तळाशी घोंगडी होती. घोंगडीच्या घडीत लोखंडी खलबत्ता. आईचा. मला कफाचा त्रास, आले-मिरे कुटून काढा करायला तिथे काय मिळणार म्हणून तिने आदल्या रात्री सगळे झोपल्यावर सुतळी सोडून तो आत ठेवला होता आणि सुतळी पुन्हा तशीच बांधली होती. ती स्टेशनवर का रडली नाही ते मला तिथे कळले. आपण काहीतरी बरोबर दिले आहे, असे तिला वाटत होते.

आता सगळेच हसले. कारकूनसुद्धा. मीही हसलो, त्यांच्यात मिसळून. अण्णांनी खलबत्ता बाहेर काढला, ट्रंक पुन्हा बांधली. काट्याने वीस दाखवले. ते त्यांनी पाहिले, पण काही बोलले नाहीत. खलबत्ता हातरुमालात बांधून काखेत धरला.

त्यानंतरचा अर्धा तास मला नीट आठवत नाही. सगळ्यांच्या पाया पडलो. अण्णांच्याही पडलो. त्यांनी पाठीवरून हात फिरवला. मग आत. तेव्हा आजच्यासारखे बोगदे नव्हते. धावपट्टीच्या कडेने चालत विमानापर्यंत जायचे आणि जिन्याने चढायचे. मागे सज्जात सगळ्यांचे नातेवाईक उभे, दिव्यांच्या उजेडात हात हलवणारी एक लांबच लांब रांग. प्रत्येक प्रवासी जिन्यावर थांबायचा, वळायचा, हात करायचा. फोटो निघायचे. मी वळलो नाही. लाज वाटत होती. आधी अण्णांची वाटली होती, ती एव्हाना माझी स्वतःची झाली होती, पण दोन्ही लाजांना मान वर करता येत नाही.

खरे सांगायचे तर दार बंद झाले तेव्हा मला सुटल्यासारखे वाटले. विमान जेट होते, बोइंग ७०७. आपल्याकडे ती १९६० साली आली आणि त्याच वर्षी भारतातून थेट न्यूयॉर्कपर्यंत सेवा सुरू झाली. सरांचा डाकोटा तासाला पावणेतीनशे किलोमीटर जायचा, हे नऊशे. चढ नव्हता, कापूस नव्हता. गोळ्या मात्र दिल्या. धावपट्टीवर पाठ खुर्चीत दाबली गेली, खाली मुंबईचे दिवे तिरके झाले आणि मग एकदम समुद्राचा अंधार. शेजारच्या खुर्चीत एक गुजराती गृहस्थ डोळे मिटून जप करत होते. त्यांनी न विचारता माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही. त्या काळी विमानात अनोळखी माणसे अशी एकमेकांचा हात धरायची. आता धरली तर तक्रार होईल.

पहाटे कैरोला उतरलो. पाय मोकळे करायला खाली सोडले. गार वारा होता, ओव्हरकोटाचा पहिल्यांदा उपयोग झाला. डाव्या खिशात हात घातला तर मेतकुटाची पुरचुंडी फुटलेली. सगळा हात पिवळा. तिथे त्या परक्या विमानतळावर उभा राहून मी ते बोटाने चाटले आणि मग मला रडू आले. ते कशाचे होते हे मी तेव्हा घरच्या आठवणीवर ढकलले.

अमेरिकेतून पत्रे लिहायची ती एरोग्रामवर, त्या निळ्या घडीच्या कागदावर. त्यात जागा कमी. बर्फ पडला, प्रोफेसर चांगले आहेत, खाण्याचे हाल नाहीत, एवढ्यात कागद संपायचा. कागद लहान म्हणून ती गोष्ट लिहिली नाही, असे मी स्वतःला सांगत असे.

अण्णांची पत्रे मोडीवळणाच्या देवनागरीत. पाऊस, तुरीचे भाव, कोणाचे लग्न. काउंटरचा विषय त्यांनीही कधी काढला नाही. फक्त एक पत्र वेगळे. जानेवारी १९६६. आठवून पाहा, काय महिना होता तो. ११ तारखेला ताश्कंदला शास्त्रीजी गेले, त्यांचे शव विमानाने दिल्लीला आले. आणि २४ तारखेला आपले 'कांचनजंगा' हे बोइंग ७०७ आल्प्समध्ये माँ ब्लाँ शिखरावर आदळले. ११७ माणसे गेली. डॉ. होमी भाभा त्यात होते. त्याच डोंगरावर १९५० साली आपलेच 'मलबार प्रिन्सेस' पडले होते, ज्याने १९४८ साली मुंबई-लंडन सेवा सुरू केली तेच. लातूरला आडतीत रेडिओ होता. अण्णांनी त्याच आठवड्यात मला पत्र लिहिले. त्यात तुरीचे भाव नव्हते. एवढेच होते: येताना बोटीने ये. उशीर झाला तरी चालेल. आम्ही वाट बघू.

फेब्रुवारी १९६७ मध्ये अण्णा गेले. तार विद्यापीठाच्या पत्त्यावर आली, मला मिळाली तेव्हा तिसरा दिवस होता. मामांचे सविस्तर पत्र आले तोवर तेरावा होऊन गेला होता. तिकिटाचे पैसे नव्हते. होते असे कोणी दिलेही असते, मी मागितले नाहीत. आजची मुले रात्री फोन येतो आणि सकाळी विमानात असतात. गेल्या वर्षी माझ्या पुतण्याने हे केले, अंत्यदर्शनाला पोचला. मला त्याचा हेवा वाटला, हे त्याला सांगता आले नाही.

१९६८ साली परत निघालो तेव्हा त्यांचे ऐकायचे ठरवले होते. बोटीची चौकशी केली. पण आदल्या वर्षीच्या जूनपासून, अरब-इस्रायल युद्धामुळे, सुएझ कालवा बंद. बोटी आफ्रिकेला वळसा घालून जायच्या, आठवडे लागायचे. आणि नोकरी पुण्यात रुजू व्हायची तारीख ठरलेली. विमानानेच आलो. तेही ऐकले नाही.

सांताक्रूझला एकटे मामा आले होते. हार नव्हता, वडिलांशिवाय आलेल्या मुलाला हार कसा घालणार? टॅक्सीत बसल्यावर मी मामांना विचारले, त्या रात्री मी आत गेल्यावर काय झाले? मामा आधी टाळू लागले. मग सांगितले.

अण्णा सज्जात कठड्याशी उभे राहिले होते, काखेत खलबत्ता. रात्रीची वेळ, चष्मा जुना. विमानाकडे चाललेले सूटवाले सगळे सारखेच दिसत होते. कोणीतरी जिन्यावर वळला, हात केला. अण्णांनीही हात केला. मग एक विमान सुटले. ते माझे नव्हते. मामांना कळत होते की ते दुसरीकडचे आहे, माझे अजून उभेच आहे. पण शेवटची लोकल गाठायची होती, बरोबर म्हातारी माणसे होती. म्हणून मामा बोलले नाहीत. अण्णा त्या विमानाला दिवा दिसेनासा होईपर्यंत हात करत राहिले. मग म्हणाले, "चला, पोरगं गेलं."

आणि लातूरला गेल्यावर त्यांनी आईला सांगितले, आडतीत सगळ्यांना सांगितले: जिन्यावर चढला, थांबला, वळला आणि हात केला. पहिल्यांदा मला, मग सगळ्यांना.

त्यांना खरेच तसे दिसले की त्यांनी ते तसे सांगायचे ठरवले, याचा मी चाळीस वर्षे विचार करतो आहे. मामांनाही विचारले होते. मामा म्हणाले, "त्यांनी कधी कमी-जास्त सांगितलेलं मी ऐकलं नाही." यातून काय घ्यायचे ते मला कळले नाही.

घरी गेलो. आईने पहिल्या दिवशी काही विचारले नाही. दुसऱ्या दिवशी भाकरी थापता थापता, तव्याकडे बघत म्हणाली, "तू वळून हात केलास म्हणं. हे सांगायचे." मी म्हटले, "होय."

खलबत्ता फडताळात होता. पुण्याला येताना मी तो मागितला, आईने दिला. पण त्याआधी एक केले. आडतीत गेलो. अण्णांच्या जागी त्यांच्या हाताखाली शिकलेला माणूस बसला होता. त्याला म्हटले, हे जरा तोलून द्या. त्याने आधी रिकामा काटा दाखवला. मग खलबत्ता ठेवला. दोन किलो आणि वर शंभर ग्रॅम. सांताक्रूझच्या काट्याने त्या रात्री बावीस आणि एक रेघ दाखवली होती. ती रेघ मी विसरलेलो नाही.

त्यानंतर सर एकदाच भेटले, इथेच, त्यांच्या घरी. निवृत्त झाले होते. त्यांनी मला बसवले आणि एखाद्या मुलासारखे विचारले, "जेटमध्ये चढ असतो का रे?" मी म्हटले, "नाही सर, सपाट असते." ते जरा हिरमुसले. मग जवळजवळ दोन तास त्यांनी माझ्याकडून सगळे काढून घेतले. किती उंची, खिडकी केवढी, कैरोला काय दिसले. मी सगळे सांगितले, काउंटरचे सोडून. निघताना त्यांनी विचारले, "घरचे आले होते ना सोडायला?"

ते उत्तर द्यायचे राहिले होते. आज इथे, त्यांच्या वर्गापुढे दिले.

सूत्रसंचालकांनी दोनदा घड्याळ दाखवले आहे आणि मागून पिठल्याचा वास येतो आहे. बसतो. नमस्कार.